आवरण आणि सांधा : घरावरील सौर तारेचा पूर्वेतिहास

गच्चीवरील सौर पॅनेलांपासून इन्व्हर्टरपर्यंत, म्हणजे पॅनेलांतून निघणाऱ्या एकदिश प्रवाहाचे (ज्याला वायरमन डीसी म्हणतात) घरातील प्रत्यावर्ती प्रवाहात किंवा एसीत रूपांतर करणाऱ्या यंत्रापर्यंत, जी लाल आणि काळी तार उतरत येते, तिचा खर्च संपूर्ण संचाच्या खर्चात इतका किरकोळ असतो की ग्राहक पॅनेलाची आणि इन्व्हर्टरची चौकशी महिनाभर करतो, तारेची मात्र करत नाही. तथापि या तारेतील प्रत्येक घटकाला, म्हणजे तांब्यावरील कथिलाचा मुलामा, दुहेरी आवरण, आवरणाचा काळा रंग, टोकाला दाबून बसवलेली धातूची नळी आणि खटक्याने बंद होणारी जोडणी यांना, सौर उद्योगाहून कितीतरी जुना इतिहास आहे. तारायंत्र, रेल्वे, दूरध्वनी आणि विमानबांधणी या धंद्यांनी ते शोधले, वापरले आणि काही वेळा टाकूनही दिले. विजेच्या तारेचा इतिहास बहुधा तांब्याचा इतिहास म्हणून सांगितला जातो, परंतु तांबे दीडशे वर्षांत फारसे बदललेले नाही. बदलत गेले ते त्यावरचे आवरण आणि दोन तारांमधला सांधा, आणि तारेने दगा दिला तोही बहुतेक वेळा या दोन ठिकाणीच.

धातूच्या तारेतून वीज वाहते हे ठाऊक होऊन बराच काळ लोटला होता, तरी ती ओल्या जमिनीतून किंवा पाण्याखालून नेण्याचा उपाय एकोणिसाव्या शतकाच्या मध्यापर्यंत सापडलेला नव्हता. ईस्ट इंडिया कंपनीच्या सेवेतील डॉक्टर विल्यम ओशॉनेसी यांनी १८३९ मध्ये कलकत्त्याजवळ तारायंत्राचे प्रयोग केले, तेव्हा हुगळीच्या पात्रातून तार नेण्यासाठी त्यांनी ती डांबरात बुडवली, उभ्या चिरलेल्या वेतात बसवली आणि वरून डांबर लावलेला दोर गुंडाळला. हाताशी जे होते त्यातून केलेली ही योजना होती. तिचे तत्त्व मात्र आजच्या तारेचेच होते, कारण वीज अडवणारा थर आत आणि त्या थराला जपणारा थर बाहेर ही विभागणी तिच्यात स्पष्ट दिसते. यानंतर चारच वर्षांनी मलायातील एका झाडाच्या चिकापासून होणारा गटापर्चा हा पदार्थ इंग्लंडला पोहोचला. कोमट पाण्यात मऊ होणारा आणि थंड झाल्यावर घट्ट बसणारा हा चीक तारेवर अखंड नळीसारखा चढवण्याचे यंत्र वेर्नर सीमेन्स यांनी १८४७ च्या सुमारास सिद्ध केले आणि समुद्राखालच्या तारांचे युग सुरू झाले. गटापर्चा समुद्रतळाच्या थंड काळोखात दशकानुदशके टिके, पण ऊन आणि हवा लागताच तो ठिसूळ होऊन भेगाळे. तारेच्या पहिल्या यशस्वी आवरणाला उन्हाचेच वावडे असावे, ही गोष्ट पुढील इतिहासाच्या दृष्टीने लक्षात ठेवण्याजोगी आहे.

सागरी तारेचा आणि सौर घटाचा संबंध मात्र याहून जवळचा असून त्याचा एक धागा मुंबईपर्यंत येतो. १८७० च्या आरंभी 'ग्रेट ईस्टर्न' हे त्या काळचे सर्वांत मोठे जहाज मुंबई बंदरात आले आणि तेथून एडनपर्यंत तार टाकत गेले. त्यामुळे मुंबई समुद्रमार्गे सुएझशी आणि पुढे लंडनशी जोडली गेली. अशा तारा टाकणाऱ्या कंपनीत विलोबी स्मिथ हे मुख्य विद्युत तंत्रज्ञ होते. तार पाण्यात उतरत असतानाच तिचे आवरण कोठे फुटले आहे काय याची सतत परीक्षा करावी लागे आणि त्या परीक्षेसाठी प्रवाहाला फार मोठा विरोध करणारा पदार्थ लागे, म्हणून स्मिथ यांनी सिलिनियम या मूलद्रव्याच्या कांड्या वापरून पाहिल्या. त्या कांड्यांचा विरोध कधी जास्त तर कधी कमी भरू लागला. त्यांच्या सहायकाच्या ध्यानात आले की पेटीचे झाकण उघडे असले आणि उजेड आत पडला की विरोध घटतो. स्मिथ यांनी हे निरीक्षण १८७३ मध्ये प्रसिद्ध केले. १८७६ मध्ये अॅडम्स व डे या दोघा संशोधकांनी सिलिनियमवर पडलेल्या प्रकाशातून प्रत्यक्ष वीज निर्माण होते हे दाखवले आणि १८८३ मध्ये चार्ल्स फ्रिट्स या अमेरिकी संशोधकाने सिलिनियमच्या पत्र्यांचे पहिले सौर पॅनेल बनवले. सौर घटाचा शोध अशा रीतीने तारेचे आवरण तपासण्याच्या खटाटोपातून लागला. सौरशक्तीवरील लोकप्रिय पुस्तके प्रकाशाने वीज निर्माण होते हे प्रथम दाखवणाऱ्या बेकरेल यांच्या १८३९ च्या प्रयोगावर जितकी पाने खर्च करतात, त्याच्या निम्मीही या प्रसंगाला देत नाहीत, हे काहीसे अन्यायाचे आहे.

याच सागरी तारांनी तांब्याविषयीचाही एक धडा दिला. अटलांटिकच्या तारेवर काम करताना विल्यम थॉमसन, जे पुढे लॉर्ड केल्विन झाले, त्यांनी १८५७ मध्ये दाखवून दिले की बाजारात एकाच नावाने विकल्या जाणाऱ्या तांब्याच्या तारांच्या वाहकतेत शुद्धतेनुसार फार मोठा फरक असतो. तेव्हापासून तांबे परीक्षा करून घेण्याची पद्धत पडली आणि १९१३ मध्ये शुद्ध, तापवून मऊ केलेल्या तांब्याच्या वाहकतेचे आंतरराष्ट्रीय प्रमाण ठरले. केल्विन यांचा दुसरा, घरगुती तारजोडणीला अधिक लागू पडणारा निबंध १८८१ चा आहे. तार जाड घ्यावी तर तांब्याचा खर्च वाढतो, बारीक घ्यावी तर तिच्यात उष्णतेच्या रूपाने वीज वाया जाते. तेव्हा तारेत गुंतलेल्या भांडवलाचा वार्षिक बोजा आणि वर्षभरात वाया जाणाऱ्या विजेची किंमत जेथे सारखी होते ती जाडी सर्वांत किफायतशीर, असा त्यांचा सिद्धान्त होता. हा हिशेब दोन किमतींवर अवलंबून असल्याने त्याचे उत्तर काळाबरोबर बदलत राहते.

एडिसन यांनी सप्टेंबर १८८२ मध्ये न्यूयॉर्कच्या पर्ल स्ट्रीट येथील केंद्रातून गिऱ्हाइकांना वीज देण्यास आरंभ केला, ती सुमारे ११० व्होल्टची एकदिश वीज होती. तिच्यासाठी रस्त्याखाली लोखंडी नळ्या पुरल्या होत्या, त्यांत तांब्याचे दांडे ठेवले होते आणि मधल्या पोकळीत डांबर, जवसाचे तेल व मेण यांचे मिश्रण ओतले होते. कमी दाबाने, म्हणजे कमी व्होल्टने, पुष्कळ वीज न्यायची म्हणजे प्रवाह मोठा आणि म्हणून तांबे जाड, हे या व्यवस्थेचे मूळ दुखणे असल्याने तिचा पल्ला एक-दोन मैलांपलीकडे जात नसे. दाब हवा तसा चढवता-उतरवता येणारी प्रत्यावर्ती वीज या कारणाने जिंकली आणि घरगुती जोडणीच्या क्षेत्रातून एकदिश वीज हळूहळू मागे पडली. न्यूयॉर्कमध्ये तिचा शेवटचा पुरवठा १४ नोव्हेंबर २००७ रोजी बंद झाला. योगायोग असा की त्याच वर्षी जर्मनीत सौर पॅनेलांच्या एकदिश तारेसाठी पहिली स्वतंत्र कसोटी प्रसिद्ध झाली.

एकदिश वीज ज्या थोड्या ठिकाणी ठाण मांडून राहिली त्यांत मुंबईची लोकल गाडी होती. ३ फेब्रुवारी १९२५ रोजी बोरीबंदर ते कुर्ला या मार्गावर विजेची पहिली गाडी धावली ती १५०० व्होल्ट एकदिश विजेवर, आणि ही व्यवस्था २०१६ मध्ये मध्य रेल्वेवरील प्रत्यावर्ती विजेकडचे संक्रमण पूर्ण होईपर्यंत मुंबईच्या या ना त्या मार्गावर टिकून होती. आजच्या सौर तारांवर १५०० व्होल्ट हाच आकडा छापलेला असतो. रेल्वेचा आणि सौर उद्योगाचा त्या बाबतीत काही संबंध नाही, कारण सौर तारेवरील मर्यादा आंतरराष्ट्रीय मानकांत 'कमी दाब' या वर्गाची एकदिश विजेपुरती जी वरची सीमा आहे तिच्यावरून आली आहे. तरीही घराच्या गच्चीवर चढणाऱ्या तारेची क्षमता एकेकाळी लोकल गाडी ओढणाऱ्या दाबाइतकी असते, एवढी जाणीव त्या आकड्यावरून व्हायला हरकत नाही.

घरात वीज आली तेव्हा गटापर्च्याची जागा रबराने घेतली होती. चार्ल्स गुडइयर यांच्या शोधानुसार रबरात गंधक मिसळून ते तापवले की थंडीत कडक न होणारे आणि उन्हाळ्यात न चिकटणारे रबर मिळते. मात्र हेच गंधक तांब्याला काळे पाडून खात असे. त्यावर उपाय म्हणून तांब्याच्या तारेला कथिलाचा पातळ मुलामा देण्यात येऊ लागला. महाराष्ट्रातील घराघरांत आंबट पदार्थ कळकू नयेत म्हणून तांब्या-पितळेच्या भांड्यांना जी कल्हई केली जाई, तीच ही क्रिया. पुढे रबर गेले तशी तारेवरची ही कल्हईही अनावश्यक ठरून गेली, आणि जवळजवळ अर्धशतकाने सौर तारेत ती परत आली. या खेपेस कारण गंधकाचे नव्हते, तर उघड्या हवेत, दमट आणि खाऱ्या वातावरणात पंचवीस वर्षे राहणाऱ्या तांब्यावर हिरवट थर चढू नये आणि सांध्याचा विरोध वाढू नये, हे होते. कोकणपट्टीत आणि गोव्यात ही कल्हई किती उपयोगाची आहे हे तेथील उघड्या तारांची टोके पाहिली असता कळते.

रबरी तार घरात बसवण्याच्या पद्धतीही सांगण्यासारख्या आहेत. जुन्या वाड्यांत आणि चाळींत सागवानी पट्टीला दोन समांतर खाचा पाडून त्यांत दोन तारा वेगवेगळ्या बसवत आणि वरून लाकडी झाकण ठोकत; या पद्धतीला केसिंग-कॅपिंग म्हणत, आणि लाकूड जाऊन प्लॅस्टिक आले तरी हे नाव टिकून आहे. तिच्यानंतर, किंवा काही ठिकाणी तिच्या जोडीनेच, बॅटन पट्टी आली. तिच्यात लाकडी पट्टीवर पातळ पत्र्याच्या लिंक क्लिपांनी बांधलेली, चिवट रबराचे बाह्यकवच असलेली तार भिंतीवर उघडीच दिसे. वायरमन तारेची जाडी 'तीन बावीस' किंवा 'सात वीस' अशी सांगत. तीन बावीस म्हणजे ब्रिटिश मापाप्रमाणे २२ क्रमांकाच्या जाडीचे तीन पेड. हीच मोजणी आज चौरस मिलिमीटरमध्ये होते आणि पेडांची संख्या फार वाढली आहे. ४ चौरस मिलिमीटरच्या सौर तारेत प्रत्येकी ०.३ मिलिमीटर व्यासाचे सुमारे ५६ पेड असतात. पेड जितके बारीक आणि अधिक, तितकी तार लवचीक. गच्चीवर वाऱ्याने हलणाऱ्या आणि पॅनेलांच्या मागून वळसे घेणाऱ्या तारेला ही लवचीकता आवश्यक असते.

प्लॅस्टिकचे युग घरगुती तारेत आले ते पीव्हीसीच्या रूपाने. हा पदार्थ मुळात कडक असतो. १९२६ मध्ये वॉल्डो सेमन या अमेरिकी रसायनज्ञाने त्यात विशिष्ट तेलकट द्रव्ये मिसळून तो मऊ करण्याची युक्ती काढली. पीव्हीसी स्वस्त होता, रंगीत करता येई, सहजासहजी पेट घेत नसे आणि तांब्याला अपाय करत नसे. भारतात स्वातंत्र्यानंतर ज्या कारखान्यांनी त्याच्या तारा बनवल्या त्यांत पुण्याच्या फिनोलेक्सचा समावेश होतो. १९५८ मध्ये सुरू झालेल्या या उद्योगाचे पहिले उत्पादन मोटारगाड्यांसाठी लागणाऱ्या पीव्हीसी तारांचे, म्हणजे एकदिश विजेच्याच तारांचे होते. पीव्हीसीचा दोष उन्हात उघड होतो. त्याला मऊ ठेवणारी द्रव्ये उष्णतेने हळूहळू बाहेर पडतात, अतिनील किरणांनी त्याच्या रेणूंच्या साखळ्या तुटतात आणि काही वर्षांत आवरण कडक होऊन वाकवताच तडकते. घराच्या भिंतीत हा दोष कधी जाणवत नाही. ज्या वायरमनांनी आयुष्यभर भिंतीतली तार ओढली त्यांनी गच्चीवरही तीच ओढली, हे म्हणूनच स्वाभाविक होते, आणि भारतातील सुरुवातीच्या अनेक सौर जोडण्यांच्या दुखण्याचे मूळही तेथेच आहे.

सिलिकॉनचा पहिला व्यवहार्य सौर घट बेल प्रयोगशाळेने २५ एप्रिल १९५४ रोजी जाहीर केला आणि पुढच्याच वर्षी जॉर्जिया राज्यातील अमेरिकस या गावी तो दूरध्वनीच्या ग्रामीण तारेवर बसवून पाहिला. याच प्रयोगशाळेने तारेच्या उन्हातील आयुष्याचाही प्रश्न सोडवला होता. पॉलिथिलीन हा इंग्लंडमध्ये १९३३ मध्ये अपघाताने सापडलेला आणि युद्धकाळात रडारच्या तारांसाठी कामी आलेला पदार्थ दूरध्वनीच्या तारांवर चढवला, तेव्हा तो उन्हात तडकू लागला. त्यात दोन-अडीच टक्के अतिसूक्ष्म काजळी मिसळली असता ती अतिनील किरण शोषून घेते आणि आवरण अनेक दशके टिकते, असे दीर्घकालीन परीक्षणांतून सिद्ध झाले. उन्हातल्या तारेचा काळा रंग हा असा निव्वळ रंग नसून औषध आहे, आणि लाल सौर तारेला तेच काम इतर रसायनांकडून करून घ्यावे लागते. म्हणून अनेक जाणकार ऊन सतत लागणाऱ्या भागात दोन्ही तारा काळ्याच घेऊन टोकांना रंगाची खूण करणे पसंत करतात.

उरलेला प्रश्न उष्णतेचा होता. साधे पॉलिथिलीन शंभर अंशांच्या आसपास वितळू लागते, आणि उन्हाळ्यात पॅनेलाच्या मागच्या बाजूचे तापमान सत्तर अंशांवर सहज जाते, शिवाय तारेतील प्रवाहाची उष्णता वेगळीच. यावरचा उपाय अणुसंशोधनाच्या वाटेने आला: अणुभट्टीतील किरणांच्या माऱ्याने पॉलिथिलीनच्या लांब साखळ्या एकमेकींना आडव्या जोडल्या जातात आणि मग तो पदार्थ तापवला तरी वितळून ओघळत नाही, असे आर्थर चार्ल्सबी यांनी इंग्लंडमध्ये १९५० नंतरच्या पहिल्या काही वर्षांत दाखवले. १९५७ मध्ये कॅलिफोर्नियात पॉल कुक यांनी स्थापलेल्या रेकेम या कंपनीने इलेक्ट्रॉनांच्या झोताखालून तार ओढून हलक्या, उष्णतासह विमानतारा बनवण्याचा धंदाच उभा केला. आज सौर तारेवर 'इलेक्ट्रॉन बीम' किंवा 'ई-बीम' असे जे छापलेले आढळते ते याच प्रक्रियेचे नाव.

भारतात सौर वीज खेड्यांत पोहोचली ती या सुधारणा तेथील तारांपर्यंत येण्याच्या आधी. साहिबाबाद येथील सेंट्रल इलेक्ट्रॉनिक्स या सरकारी कंपनीने १९७७ मध्ये देशी सौर घट बनवला, १९८२ मध्ये केंद्राने अपारंपरिक ऊर्जेचे स्वतंत्र खाते काढले, आणि एक पॅनेल, एक बॅटरी व दोन-चार दिवे असे १२ व्होल्टचे संच वीज न पोहोचलेल्या वस्त्यांवर बसू लागले. या संचांत तारेने एडिसन यांचेच जुने दुखणे पुन्हा भोगले. समजा ६ अँपिअर प्रवाह १० मीटरवर न्यायचा आहे. जाण्या-येण्याची मिळून २० मीटर तार झाली. ती १.५ चौरस मिलिमीटरची घेतली तर तिच्यात सुमारे १.४ व्होल्ट गळतात, आणि १२ व्होल्टांतून १.४ व्होल्ट म्हणजे जवळजवळ बारा टक्के वीज तारेतच संपते. दिवा मंद जळे, बॅटरी पूर्ण भरत नसे आणि बोल पॅनेलाला लागे. सांधे तर स्क्रूखाली पेड दाबून केलेले किंवा पिळून टेप गुंडाळलेले असत.

पॅनेले एकामागोमाग एक जोडून दाब वाढवण्याची पद्धत रूढ झाली, तेव्हा तारेतील ही गळती आटोक्यात आली, पण त्याबरोबर सांध्याचा प्रश्न धोक्याचा झाला. जर्मनीने १९९० मध्ये हजार घरांच्या छपरांवर सौर संच बसवण्याची योजना हाती घेतली आणि वीज कंपनीच्या जाळ्याला जोडलेले घरगुती संच प्रथमच मोठ्या संख्येने उभे राहिले. पॅनेलाला बटण नसते. उजेड आहे तोवर त्याच्या टोकांवर दाब असतो, त्यामुळे उतरत्या छपरावर स्क्रू आवळणारा माणूस जिवंत तारेशीच खेळत असतो. स्वित्झर्लंडमधील मल्टी-कॉन्टॅक्ट या कंपनीने १९९६ मध्ये यासाठी खास जोडणी आणली. प्रयोगशाळांतील मोजणीच्या तारा आणि मोठ्या प्रवाहाच्या जोडण्या बनवणे हा तिचा मूळ धंदा होता, आणि झडपांसारख्या अनेक पट्ट्या असलेली धातूची पातळ फीत सुईभोवती बसवून एका ऐवजी अनेक ठिकाणी स्पर्श घडवणे ही तिची खासियत होती. ३ मिलिमीटरच्या सुईची पहिली जोडणी एमसी-३ आणि पुढे ४ मिलिमीटरची एमसी-४. पहिली जोडणी नुसती ओढली की सुटे. दुसरीला दोन खटके होते. अमेरिकेच्या वीज संहितेने २००८ च्या आवृत्तीत हाती लागणारी जोडणी हत्याराशिवाय उघडता कामा नये असा नियम केला आणि एमसी-३ मागे पडली. ही मूळ कंपनी २००२ मध्ये स्टॉब्ली या उद्योगसमूहाकडे गेली, तरी तिचे नाव एका प्रकारच्या जोडणीचे सामान्यनाम होऊन बसले आहे.

जोडणीच्या आत तार बसते ती डाग देऊन म्हणजे वितळलेल्या धातूने नव्हे, तर दाबून. क्रिम्पिंग नावाची ही रीत दुसऱ्या महायुद्धात अमेरिकेतील विमान आणि जहाज बांधणीत पसरली. योग्य साच्याच्या पकडीने नळी दाबली की पेड आणि नळी यांच्यात हवेलाही शिरायला फट उरत नाही. साध्या पकडीने चेपली तर वरून तीच दिसते, पण आत फटी राहतात आणि गंज त्यातूनच शिरतो. सांध्याचे बरेवाईट डोळ्यांना दिसत नाही, हीच त्यातली अडचण.

एकदिश विजेत असा कच्चा सांधा महाग पडतो. भारतातील प्रत्यावर्ती प्रवाह सेकंदाला ५० आवर्तने करताना १०० वेळा शून्यावर येतो, त्यामुळे सैल सांध्यात उडालेली ठिणगी विझायला तितक्या संधी मिळतात. एकदिश प्रवाह शून्यावर येतच नाही आणि ठिणगीचा अखंड धगधगता कंस बनतो. एकोणिसाव्या शतकात रस्त्यांवरच्या कार्बन दिव्यांत असाच कंस मुद्दाम पेटता ठेवत. जर्मनीतील फ्राउनहोफर संस्था आणि तांत्रिक परीक्षण करणारी टीयूव्ही राइनलँड यांनी तेथील सौर संचांच्या आगींचा अभ्यास केला, तेव्हा आग वा उष्णतेने नुकसान झाल्याची सुमारे ४३० प्रकरणे मिळाली आणि त्यांतील सुमारे २१० मध्ये कारण खुद्द सौर संचात होते. दहा लाखांहून अधिक संचांच्या मानाने हा आकडा लहान आहे हे मान्य केले पाहिजे. पण कारणांच्या यादीत जोडण्या आणि त्यांची बसवणूक ठळकपणे होती.

मानके या अनुभवांच्या मागून आली. जर्मन परीक्षण संस्थेच्या २००७ च्या कसोटीवरून युरोपीय मानक आणि त्यावरून २०१७ मध्ये आयईसी ६२९३० हे आंतरराष्ट्रीय मानक झाले. भारतीय मानक ब्यूरोने सौर तारेसाठी आयएस १७२९३ हे मानक २०२० मध्ये प्रसिद्ध केले. त्यांच्या अपेक्षा थोडक्यात अशा: कथिलाचा मुलामा दिलेले बारीक पेडांचे तांबे, आडव्या साखळ्यांनी जोडलेले दुहेरी आवरण, बहुतेक प्रकारांत पेटल्यास आम्लधारी वायू न सोडणारा पदार्थ, आणि एकेरी तार. दोन ध्रुवांच्या तारा एकाच कवचात न ठेवता वेगळ्या ठेवण्यात जुन्या केसिंगच्या दोन खाचांचे तत्त्व पुन्हा अवतरले, फरक एवढाच की आता प्रत्येक तारेचे दुहेरी कवच तिच्या अंगावरच असल्याने त्या शेजारी शेजारी न्याव्यात असे सांगितले जाते. त्या दूर नेल्या तर मध्ये जो मोठा वळसा तयार होतो त्यात जवळ पडलेल्या विजेचा धक्का उमटतो, आणि वळवाच्या दिवसांत महाराष्ट्रात हा विचार दुर्लक्षिण्याजोगा नाही.

प्रधानमंत्री सूर्य घर योजनेतून २०२४ पासून एक कोटी घरांवर संच बसवण्याचे उद्दिष्ट ठेवले गेल्यावर मुंबईच्या लोहार चाळीत आणि पुण्याच्या तपकीर गल्लीत सौर तार ही नेहमीची वस्तू झाली. दुकानात विचारणा होते ती बहुधा ४ चौरस मिलिमीटर घ्यावी की ६, एवढीच. तीन किलोवॅटच्या सुमाराच्या संचात सहा पॅनेले ओळीने जोडली तर दाब सुमारे २५० व्होल्ट आणि प्रवाह १३ अँपिअर असतो. इन्व्हर्टर १५ मीटरवर असेल तर ४ चौरस मिलिमीटरच्या तारेत पूर्ण उन्हात सुमारे २२ वॅट, म्हणजे एक टक्क्याहून कमी वीज जाते. ६ ची तार घेतली तर सुमारे १५ वॅट. या फरकातून वर्षाला वाचणारी वीज दहा युनिटांपेक्षा कमी भरते. पॅनेलाचा एकेक वॅट सोन्याच्या भावाने मिळत असे तेव्हा जाड तांबे घेऊन वॅट वाचवणे केल्विन यांच्या सिद्धान्ताप्रमाणे शहाणपणाचे होते. आता पॅनेल स्वस्त आणि तांबे महाग झाल्याने लहान अंतरासाठी ४ ची तार बहुतेक ठिकाणी पुरेशी ठरते, आणि अंतर वाढले किंवा दोन ओळी एकत्र आणल्या तरच ६ चा विचार करावा लागतो.

सांध्याचा हिशेब मात्र वेगळा निघतो. चांगल्या जोडणीचा विरोध ओहमच्या हजाराव्या भागाहूनही कमी असतो. तो बिघडून ओहमचा दहावा भाग इतका झाला तर १३ अँपिअरला त्या एका ठिकाणी सुमारे १७ वॅट उष्णता साठते. वरच्या उदाहरणात ३० मीटर तारेत मिळून जेवढी पसरते जवळजवळ तेवढी, बोटभर प्लॅस्टिकमध्ये. असा बिघाड होण्याचे नेहमीचे कारण म्हणजे दोन वेगळ्या उत्पादकांच्या, एमसी-४ शी जुळतात म्हणून विकल्या जाणाऱ्या, एकमेकींत बसणाऱ्या पण एकमेकींसाठी न बनवलेल्या जोडण्या. त्यांच्या सुयांची मापे, धातूंचे मुलामे आणि रबरी कड्यांची जाडी किंचित भिन्न असते आणि त्यांची जोडी कोणी एकत्र तपासलेली नसते. म्हणूनच मानके एकाच उत्पादकाच्या एकाच प्रकारच्या जोड्या मागतात. पॅनेलाला तार आणि जोडणी कारखान्यातूनच लावून येते, इन्व्हर्टरबरोबर त्याच्या कंपनीने निवडलेली जोडणी येते, आणि मधल्या तारेच्या दोन टोकांना वायरमन दुकानात मिळेल ती लावतो. पॅनेलाची जोडणी कापून बदलली तर हमी जाण्याचा धोका असतो, म्हणून मधल्या तारेच्या एका टोकाला पॅनेलाच्या आणि दुसऱ्या टोकाला इन्व्हर्टरच्या जोडणीची अस्सल जोडीदार लावणे हाच त्यातला सरळ मार्ग आहे. त्यासाठी दोन्हींच्या माहितीपत्रकांत छापलेले जोडणीचे नाव आणि उत्पादक तार विकत घेण्याआधीच पाहून ठेवावे लागतात.